हत्तींनी ओढलेली चाळ

समजा, एखाद्या कादंबरीकाराने एक काल्पनिक जग रचलं आणि त्यात जादूचं लाकूड घातलं. त्याचं झाड आधी उभ्या उभ्या मारायचं आणि दोन-तीन वर्षं तसंच उभं ठेवायचं. मग ते तोडून हत्तींकडून ओढ्यापर्यंत ओढत न्यायचं आणि पुराची वाट बघायची. पूर आला नाही, तर पुढच्या पावसाळ्यापर्यंत बसायचं. पूर आला की नदीतून, मग समुद्रातून ते दुसऱ्याच मुलखात जाणार आणि तिथे त्याची घरं होणार. त्या घरांच्या गाभ्याला वाळवी तोंड लावणार नाही. आत ठोकलेला खिळा सहजी गंजणार नाही. शंभर वर्षांनी घर पाडलं, तरी लाकूड पुन्हा विकलं जाणार. हे हस्तलिखित वाचून संपादक म्हणेल, "अहो, जरा आवरा!"

पण या लाकडाला तुमचा हात लागलेला आहे. गिरगावात एखाद्या मावशींकडे हळदीकुंकवाला नाहीतर मित्राकडे गणपतीला जाताना अंधाऱ्या जिन्यात ज्या कठड्याला धरून तुम्ही वर चढता, तो बहुतेक वेळा हाच असतो. बर्मा साग.

तो मुंबईत उतरतो कसा, ते बघायला जाऊ. साल १९१३, महिना मे. मोबाइल घरीच ठेवा, तिथे रेंज नाही. धोतर-कोट-टोपी किंवा नऊवारी, जे झेपेल ते नेसा. वहाणा मात्र जाड तळाच्या घ्या, कारण आपण उतरणार आहोत ती जागा ढलप्यांची आणि चिखलाची आहे.

पोचलात? सगळ्यात आधी नाक पोचतं. दारूखान्याकडचं लकडी बंदर हे. ओहोटी लागली आहे. उघड्या पडलेल्या चिखलाचा खारट, कुजकट वास, त्यात पडावांना फासलेलं डांबर, कुठेतरी वाळत घातलेली मासळी. आणि या सगळ्यांच्या मधून एक वेगळाच वास येतो: जुन्या चामड्यासारखा, तेलकट, किंचित तुरट. त्या वासाच्या मागे चालत जा. दोन वखारी ओलांडल्या की समोर ओंडक्यांचा डोंगर उभा राहतो.

एका ओंडक्यावर हात ठेवून बघा. चटका बसला ना? बारा वाजलेत. जरा सावलीतला निवडा. हाताला गुळगुळीत, मेणचट लागतो. लाकडातल्या तेलाचा आणि रबरासारख्या चिकाचा हा गुण. पाणी आत शिरायला बघतं आणि तिथेच अडतं. वाळवीला त्यातली काही रसायनं विषारी पडतात, म्हणून ती गाभ्याच्या वाटेला जात नाही. बाहेरच्या फिक्या सालीकडच्या भागाला यातलं काहीच संरक्षण नसतं. म्हणून व्यापारी आधी ओंडक्याचं तोंड बघतो: गाभा किती, बाकीचं किती. तुम्हीही बघा. त्याच तोंडावर हातोड्याने ठोकलेली खूण दिसेल. ब्रह्मदेशाच्या रानात मारलेलं झाड ज्या कंपनीने तोडून आणलं, तिचा तो शिक्का.

हो, मारलंच. बुंध्याभोवती गोल खाच घेतात, बाहेरच्या जिवंत थरातून गाभ्यापर्यंत. वर रस चढायचा थांबतो, झाड जागच्या जागी वाळत जातं. एवढा खटाटोप का? ओला साग पाण्यात बुडतो. वाळलेला तरंगतो. आणि त्या रानात नदी हाच रस्ता. मेलेलं झाड हत्ती ओढ्यात आणून टाकतात, पूर ते पुढे ढकलतो, मोठ्या नदीत त्याचे तराफे बांधतात आणि ते मोलमीनला नाहीतर रंगूनला येतात. तुमच्या हाताखालच्या ओंडक्याने जंगलातून इथवर यायला पाच-सहा वर्षं सहज घेतली असतील. तो निघाला तेव्हा आज त्याच्याखाली राहणार असलेली काही पोरं जन्मालाही आली नव्हती.

या व्यवहारातली एक मोठी कंपनी मुंबईतच नोंदलेली आहे: बॉम्बे बर्मा ट्रेडिंग कॉर्पोरेशन, स्थापना १८६३. ओंडके कमी दाखवले म्हणून मंडालेच्या दरबाराने तिला जबर दंड ठोकला आणि त्या भांडणाच्या शेवटी दरबारच उरला नाही. ते सगळं इतिहासाच्या तासाला. आपल्याला एवढंच पुरे, की त्या दरबाराचा राजा थिबा आज, या मे महिन्यात, रत्नागिरीला टेकडीवरच्या वाड्यात नजरकैदेत बसलेला आहे.

"बाजूक व्हा! बाजूक!"

तुम्ही चटकन मागे सरता. दहा-बारा हमाल दोर लावून एक तुळई ओढत नेताहेत. वीस फूट लांब, दीड फूट चौरस, म्हणजे तुमच्या हिशेबाने आठशे किलोंच्या वर. एक जण पुढे ओरडतो, बाकीचे "हैश्शा" म्हणून मागे झुकतात आणि लाकूड हातभर सरकतं. मग पुन्हा ओरडणं, पुन्हा हातभर. उघड्या पाठींवरून घाम वाहतोय आणि त्यावर लाकडाचा पिवळा भुसा चिकटलाय. तुम्हाला मदत करावीशी वाटते आहे, हे चेहऱ्यावर दिसतंय. करू नका. लयीत एक हात चुकला की कुणाचं तरी बोट जातं.

करवतीचा आवाज येतोय, तिकडे चला. उंच घोड्यांवर ओंडका चढवलाय. एक कापणारा वर उभा, दुसरा खाली. मध्ये माणसाच्या उंचीची करवत. आधी दोघांनी काजळीत भिजवलेलं सूत ओंडक्यावर ताणलं आणि बोटाने उचलून सोडलं. टप्प! काळी सरळ रेघ उमटली. आता त्या रेघेवरून करवत वर-खाली चालली आहे. खालच्याने डोक्याला फडकं गुंडाळलंय, डोळे बारीक केलेत, तरी भुसा पापण्यांवर साचतोच. तुम्हीही शिंकलात की नाही? त्या भुशाने नाक झोंबतं, कातडीला खाज सुटते. सागाच्या अंगात वाळूचे सूक्ष्म कण असतात, त्यामुळे पातं भराभर बोथट होतं. दर थोड्या वेळाने काम थांबतं आणि कानशीचा दात आंबवणारा किरकिराट सुरू होतो. जादूची वस्तू कापणाऱ्याला त्रास देते, हे त्या कादंबरीकाराला ठाऊक नसणार.

फळी सुटी झाली. नुकता उघडा पडलेला पृष्ठभाग सोनेरी, त्यावर काळपट हिरव्या रेघा. उन्हात ठेवला की या रेघा निवळत जाऊन सगळं लाकूड एकरंगी मधाळ होईल. घाई करा आणि आत्ताच बघून घ्या.

तुळया खटाऱ्यावर चढल्या. तुम्हीही चढा, मागच्या टोकाला, पाय खाली सोडून. बैल कुरकुरत निघतात. डोंगरीवरून सँडहर्स्ट रोडला लागायचं. इम्प्रूव्हमेंट ट्रस्टने दाट वस्तीतून चिरत नेलेला हा रस्ता, अजून नवाकोरा. दोन्ही बाजूंना अर्धवट इमारती आणि चुन्याचे ढीग. शेणाचा, घोड्यांच्या लिदीचा, तळणीचा वास एकात एक मिसळलाय. आंब्यांच्या पेट्यांतलं भाताण रस्त्यावर पसरलंय, तुमच्या चाकाखाली ते दबतं आणि वर पिकल्या हापूसचा घमघमाट उठतो. मागून ट्राम घंटा बडवतेय. ही विजेवरची ट्राम, घोड्यांची गेली त्याला थोडीच वर्षं झाली, आणि बैलांचं तिच्याशी अजून जमलेलं नाही. तुमच्या तुळईचं टोक खटाऱ्याबाहेर चार हात आलंय, ते ट्रामच्या वाटेत. कंडक्टर शिव्या देतो, गाडीवान त्याहून चांगल्या शिव्या देतो. तुम्ही टोपी डोळ्यांवर ओढून बसा, नाहीतर पदर सावरून.

गिरगावच्या अंगाला कॉरोनेशन सिनेमाच्या दारात ही गर्दी! ३ मेपासून तिथे 'राजा हरिश्चंद्र' लागलाय. दादरला बंगल्याच्या आवारात फाळक्यांनी रंगवलेल्या पडद्यांचे राजवाडे उभे केले आणि लोक ते बघायला उन्हात ताटकळताहेत. तुमच्या बुडाखाली खऱ्या राजाच्या रानातलं लाकूड आहे, त्याकडे कुणी ढुंकून बघत नाही.

वाडीच्या तोंडाशी खटारा थांबतो. पुढची वाट अरुंद, तुळया खांद्यावर जाणार. दोन्ही बाजूंना कौलारू घरं, माडांची झापं, एक विहीर, तिच्या काठावर कपडे आपटणाऱ्या बायका. आणि मागे नव्या चाळीचा सांगाडा.

तो नीट बघा, कारण असा उघडा तो पुन्हा दिसणार नाही. भिंतींआधी खांब उभे राहिलेत. प्रत्येक खांबाखाली दगडाची बैठक, म्हणजे जमिनीची ओल लाकडापर्यंत चढू नये. खांबांवर तुळया, तुळयांवर आडव्या कड्या, कड्यांवर फळ्या. हा कडीपाट, खालच्याचं छत आणि वरच्याची जमीन. एका कोपऱ्यात बैल गोल फिरतोय आणि दगडी चाकाखाली चुना, वाळू आणि विटांची भुकटी मळली जातेय. ओल्या चुन्याचा थंड वास येतो, पण हात घालू नका, कातडी सोलवटेल.

सुतार मिस्त्री कुडाळकडचे. कानावर पेन्सिल, कमरेला पंचा. तुम्ही एका तुळईवर टेकता तोच त्यांची नजर येते.

"खंयसून इलात?"

तुम्ही काहीतरी पुटपुटता. एकविसाव्या शतकातून म्हणालात तर ते ठाण्यापलीकडचं गाव समजतील.

"तां लाकूड तुमच्यापेक्षा म्हातारां आसा. जरा मान ठेवा."

तुम्ही उठता. मिस्त्रींचं काम जवळून बघायचं असेल, तर इथेच उभे राहा. तुळईच्या टोकाला कुसू काढायचं आहे, खांबाच्या माथ्यातल्या खाचेत ते बसणार. गुण्या लावून रेघ मारली. माप गज आणि तसूत, चोवीस तसूंचा एक गज. वाकसाने वरचं लाकूड उडवलं, प्रत्येक घावाला जाड ढलपी. मग किंकरं आणि हातोडी, मग पटाशी. आता ढलप्या पातळ होत जातात आणि शेवटी पटाशी नुसत्या तळहाताने ढकलली की पापुद्रा गुंडाळून येतो. मिस्त्री कुसवाच्या अंगावरून अंगठा फिरवतात, डोळा मिटून. एका जागी थांबतात. तिथे तुम्हाला काहीच दिसत नाही. ते पुन्हा एक पापुद्रा काढतात.

मग दोर, कप्पी आणि पुन्हा तेच "हैश्शा". तुळई हळूहळू वर जाते. तिच्यावर कुंकवाची पाच बोटं उमटवलेली, टोकाला आंब्याचा डहाळा. खाली उभ्या पोरांची नजर नारळावर. वर खांबाच्या डोक्यावर घोडा करून बसलेला पोरगा "अजून, अजून, बस्स!" म्हणतो. कुसू खाचेत शिरतं आणि एक दबका, भरीव आवाज होतो. आरपार भोकात सागाची खुंटी ठोकली. झालं. खिळा नाही, पट्टी नाही. ज्या दिवशी हे सोडवायचं असेल, त्या दिवशी खुंटी उलट्या बाजूने ठोकली की तुळई होती तशी हातात. मिस्त्रींना त्याचं काही विशेष वाटत नाही. ते नारळाचा तुकडा तुमच्या हातात ठेवतात आणि म्हणतात, "राजा रत्नागिरीक, तेचां लाकूड गिरगावात."

एवढी लगबग कशाला चालली आहे, ते वर बघितलंत की कळेल. छपराचे वासे लागलेत, मंगळुरी कौलांच्या रांगा खाली रचून ठेवल्यात. मृग तीन आठवड्यांवर आलाय. त्याआधी कौलं चढली नाहीत, तर चुन्याच्या ओल्या भिंती धुऊन जातील. शेठ दिवसातून चारदा येतो, आकाशाकडे बघतो, मिस्त्रींकडे बघतो आणि काही न बोलता जातो.

संध्याकाळी शेजारच्या, राहत्या चाळीत चला. जिना चढा. पहिलीच पायरी बोलते. दुसरी गप्प, तिसरी पुन्हा बोलते. वरच्या मजल्यावर कुणीतरी बाहेर न बघताच म्हणतं, "कोण आलंय? पाय आपल्यातला नाही." लाकडी चाळीत निरोप्या लागत नाही. कोण कितीला आला, पायात वहाणा होत्या की हातात, सगळं पायऱ्यांकडून कळतं. उशिरा परतणारी तरुण मंडळी गप्प पायऱ्या पाठ करून ठेवतात.

गॅलरीत तुम्हाला सतरंजी मिळते, पन्हं मिळतं. समुद्राकडून वारा सुटलाय. खाली बत्तीवाला येऊन गॅसचा दिवा पेटवून जातो. चुलींचा धूर कडीपाटात अडकून तिथेच रेंगाळतो, म्हणून वरच्या कड्या काळ्या कुळकुळीत. कुणी मिरच्या भाजल्या की सगळा मजला खोकतो. वरून एकदम पाण्याची धार तुमच्या खांद्यावर. "अहो, वरती! घागर लवंडली की काय?" फळ्यांच्या फटीतून पाणी गळतं, रव्याचे कण गळतात, भांडणाचे शब्दही गळतात. खलबत्ता घेऊन बसायचं, तर आधी खालच्यांना विचारावं लागतं, नाहीतर त्यांच्या ताटात शंभर वर्षांची धूळ, म्हणजे अजून दहाच वर्षांची. शेजारचे आजोबा हरिश्चंद्र बघून आलेत. तारामती म्हणजे बाप्या आहे, साळुंके नावाचा, आधी हॉटेलात स्वयंपाकी होता, हे ते तिसऱ्यांदा सांगताहेत. तिसऱ्यांदाही सगळे हसतात.

आणि रात्री, गॅलरीत अंथरूण पडल्यावर, तुम्हाला जादूची मर्यादा समजते. आधी मानेला, मग कोपराला. वाळवी पळवणाऱ्या या लाकडाच्या फटींत ढेकणांचा सुखाचा संसार आहे. दर रविवारी कडेच्या फटींत उकळतं पाणी आणि रॉकेल ओततात, सोमवारी ते पुन्हा हजर. आगीचीही धास्ती असते, म्हणून झोपण्याआधी घरातलं कुणीतरी चूल हाताने चाचपून येतं. आणि भिंतीत गाडलेलं तुळईचं टोक पावसात वर्षानुवर्षं ओलं राहिलं, तर तेही शेवटी कुजतंच. बाकी लांबी खणखणीत, टोक भुसभुशीत. पुढे चाळींचं दुखणं निघणार ते इथूनच.

थोड्याच वर्षांत नायगाव, वरळी, लोअर परळला बीडीडी चाळी उभ्या राहतील, सिमेंट-काँक्रीटच्या. तिथे पायऱ्या बोलणार नाहीत. मिस्त्रींच्या मुलांना वाकसाऐवजी सेंटरिंगच्या फळ्या ठोकाव्या लागतील.

उठा, पहाट झाली. कपडे झाडून घ्या, ढेकूण सोबत आणू नका. परत येऊ.

तुम्ही बघितलेली नवी चाळ आता जुनी आहे. टेकू लागलेत, एका बाजूला सळईची जाळी, दारावर पुनर्विकासाची नोटीस. शहर बेटावर अशा उपकरप्राप्त, म्हणजे दुरुस्तीसाठी उपकर भरणाऱ्या जुन्या इमारती एके काळी १९,६४२ मोजल्या गेल्या होत्या. लोक हलले की तोडणारे येतात आणि इथे एक गंमत बघायला मिळते. भिंती घणाने फोडतात, कौलं वरून फेकतात, पण तुळईपाशी आल्यावर माणसं हळुवार होतात. खुंटी उलटी ठोकतात. दोर बांधून खाली घेतात. तोडण्याचं कंत्राट घेणाऱ्याने आधीच मजल्यामजल्यावर फिरून कड्या मोजलेल्या असतात आणि त्याच हिशेबावर त्याने कंत्राटाची रक्कम ठरवलेली असते.

हा माल पुढे जोगेश्वरी-ओशिवऱ्याच्या जुन्या लाकडाच्या बाजारात जातो. २०१४मध्ये म्यानमारने न कापलेले ओंडके बाहेर पाठवायला बंदी घातली, तेव्हापासून तर जुन्या बर्मा सागाची गोष्टच वेगळी झाली. दुकानदार धुराने काळवंडलेल्या कडीवर रंधा एकदाच फिरवतो. पातळ पापुद्रा सुटतो. खाली तोच सोनेरी रंग, आणि लकडी बंदरावर नाकात शिरलेला तोच वास. मग तो घनफुटाचा भाव सांगतो. तुम्ही घासाघीस करायला तोंड उघडता आणि मिटता.

परवडलं नाही तरी खट्टू होऊ नका, ते लाकूड तुम्हाला गाठेलच. एखाद्या नव्या, झकपक कॅफेत जाडजूड टेबलापाशी बसलात की कडेखालून बोटं फिरवा. एका जागी लाकडाचं चौकोनी ठिगळ लागेल, आत भरून घासून सपाट केलेलं. तिथे कुसू बसायचं. काय शोधताय, असं वेटरने विचारलं तर खुशाल सांगा, "आमच्या चाळीचा दुसरा मजला. आणि कॉफी जरा कडक आणा."